केल्टांचं थडगं वाचायचं कसं: होखडोर्फची कबर आणि हालश्टाटची मिठाची खाण

प्रश्न थोडक्यात असा आहे. केल्ट लोकांनी स्वतःबद्दल काही लिहून ठेवलं नाही. जे लिहिलं ते ग्रीक आणि रोमन लोकांनी, तेही बहुतेक वेळा शत्रू म्हणून. मग अडीच हजार वर्षांपूर्वी ही माणसं काय पीत होती, काय नेसत होती, कोण कोणाचं नातलग होतं, हे पुरातत्त्वज्ञ इतक्या ठामपणे कसं सांगतात? आणि ज्यांच्याबद्दल सांगतात ते सगळे ‘केल्ट’च होते हे कशावरून?

दुसरा भाग आधी घेतो. तो सुटला नाही तर पहिल्याचं उत्तर भलत्याच माणसांना चिकटतं.

‘केल्ट’ ही पाटी तीन निरनिराळ्या गोष्टींवर लावली जाते. पहिली गोष्ट म्हणजे जुन्या लेखकांनी ज्यांना हे नाव दिलं ते लोक. ग्रीक इतिहासकार हेरोडोटस डॅन्यूब नदीचा उगम केल्टांच्या प्रदेशात असल्याचं सांगतो. रोमन सेनापती सीझर सांगतो की गॉलच्या (साधारण आजच्या फ्रान्सच्या) तीन भागांपैकी एका भागातले लोक स्वतःला केल्ट म्हणवतात. दुसरी गोष्ट म्हणजे भाषा. ब्रिटनी, वेल्स, कॉर्नवॉल आणि आयर्लंडच्या भाषा जुन्या गॉलिशच्या नात्यातल्या आहेत, हे एडवर्ड लुईड यांनी १७०७ मध्ये सविस्तर मांडलं आणि त्या भाषांना केल्टिक म्हणायची पद्धत रुजली. तिसरी गोष्ट म्हणजे वस्तू. ऑस्ट्रियातल्या हालश्टाट आणि स्वित्झर्लंडमधल्या ला तेन या दोन ठिकाणांवरून नाव पडलेल्या लोहयुगीन संस्कृती, हालश्टाट आधीची आणि ला तेन नंतरची.

ही तीन वर्तुळं एकमेकांवर नीट बसत नाहीत. उत्तर इटलीतल्या सरोवरांच्या भागात इसवीसनपूर्व सहाव्या शतकापासूनचे लेपोंटिक लेख सापडतात. भाषा केल्टिक आहे, पण आजूबाजूची भौतिक संस्कृती तिथली स्थानिक, गोलासेका नावाची. स्पेनमधल्या बोतोर्रिताचे काशाचे पत्रे केल्टिबेरियन या केल्टिक भाषेत आहेत, आणि त्या मुलखात ला तेन शैलीची कला जवळपास नाही. उलट ब्रिटन आणि आयर्लंडमधल्या लोकांना एकाही प्राचीन लेखकाने केल्ट म्हटलेलं नाही, आणि आज जगाला केल्ट म्हटलं की आयर्लंडच आठवतं. म्हणून कामाची रीत अशी: वस्तू कशी बनवली, कुठे, कोणत्या थरात आणि कशाशेजारी पडली हे आधी ठरवायचं. ती ‘केल्टिक’ आहे का हा प्रश्न सर्वांत शेवटी. क्रम उलटला की मग सापडेल ती प्रत्येक वस्तू आधीच ठरवलेल्या गोष्टीचा पुरावा बनते.

‘काहीच लिहिलं नाही’ हेही तंतोतंत खरं नाही. सीझरच म्हणतो की ड्रुइड म्हणजे केल्टांचे पुरोहित आपली विद्या लिहीत नाहीत, पण बाकीच्या व्यवहारात ग्रीक अक्षरं वापरतात. फ्रान्समध्ये १८९७ साली सापडलेलं कोलिन्यीचं काशाचं पंचांग, १९८३ मध्ये लार्झाकच्या एका कबरीत मिळालेला शिशाचा पत्रा आणि ला ग्रोफसांकच्या कुंभारांचे भट्टीचे हिशेब, हे सगळं गॉलिशमध्ये आहे. मात्र हे सगळं रोमन काळातलं. त्याआधीच्या पाचसहाशे वर्षांसाठी, थोडे त्रोटक लेख सोडले तर, आपल्याकडे थडगी, खाणी, तटबंद्या आणि कचऱ्याचे खड्डेच आहेत.

आता मूळ प्रश्न. एक थडगं जवळून बघू.

जर्मनीत श्टुटगार्टजवळ एबरडिंगेन-होखडोर्फ नावाचं गाव आहे. १९७७ मध्ये तिथल्या शेतात नांगराने वर काढलेले दगड एका हौशी संशोधिकेच्या नजरेस पडले. १९७८-७९ मध्ये योर्ग बील यांच्या देखरेखीखाली उत्खनन झालं. मूळ टेकाड सुमारे ६० मीटर व्यासाचं आणि ६ मीटर उंच होतं. शतकानुशतकांच्या नांगरटीने ते दीडेक मीटरवर आलं होतं. त्यामुळे ते टेकाड आहे हे वरून कळतच नव्हतं, आणि लुटारूंनाही कळलं नाही.

थडगं न लुटलं जाण्याचं दुसरं कारण दगड. अकरा मीटर लांब-रुंद आणि अडीच मीटर खोल खड्ड्यात ओकच्या ओंडक्यांच्या दोन खोल्या एकात एक बसवल्या होत्या. बाहेरची साडेसात मीटरची, आतली पावणेपाच मीटरच्या आसपास. मधल्या जागेत आणि छतावर मिळून सुमारे ५० टन दगड घातले होते. चोर आले असते तरी सहज आत शिरू शकले नसते. या संरक्षणाची किंमतही मोठी होती. लाकूड कुजल्यावर छत कोसळलं आणि आतलं सगळं चपटं झालं. हंडा चेपला, गाडीचे तुकडे झाले, भिंतीवर टांगलेल्या वस्तू जमिनीवर पडल्या.

अशा थडग्यात खरी कसोटी इथेच लागते. तुकडा उचलायच्या आधी त्याची जागा, खोली, कल आणि तो कशावर पडलाय हे नोंदवावं लागतं. वस्तू जमिनीवर आहे म्हणजे ती जमिनीवर ठेवली होती असं नसतं. होखडोर्फमध्ये दक्षिणेच्या भिंतीलगत लोखंडी हुक सापडले आणि त्यांच्या खाली शिंगाच्या पेल्यांच्या पट्ट्या. त्यावरून नऊ पेले भिंतीवर टांगलेले होते हे कळलं. आठ पेले रानबैलाच्या शिंगांचे. नववा लोखंडी, साडेपाच लिटर मावेल एवढा. भिंतींच्या कडेने ओळीत पडलेल्या पिना आणि त्यांना चिकटलेले कापडाचे अंश दिसले, त्यावरून भिंतींवर पडदे होते हे सांगता आलं. तुकडे घाईने गोळा करून पिशवीत भरले असते तर पेल्यांची संख्या कळली असती, पण ते टांगलेले होते हे कधीच कळलं नसतं.

मृत पुरुष चाळिशीच्या आसपासचा, १ मीटर ८० सेंटिमीटरहून उंच. तो पावणेतीन मीटर लांबीच्या काशाच्या बाकावर झोपवलेला होता. बाकाला आठ काशाच्या स्त्री-मूर्तींचा आधार आहे, आणि प्रत्येकीच्या पायाखाली एक चाक, म्हणजे बाक सरकवता येत असे. बाकाच्या पाठीवर ठोके देऊन उठवलेली नक्षी आहे: दोन टोकांना चारचाकी गाड्या, मध्ये तलवारी घेऊन नाचणारे किंवा लढणारे पुरुष. अंगावर सोन्याचं गळ्यातलं कडं, हातातलं कडं, सोन्याच्या पिना, डोक्यावर भोजपत्रासारख्या बर्चच्या सालीची टोपी. सोबत वस्तरा, नखं काढायचं हत्यार, मासे पकडायचे गळ, बाणांचा भाता.

त्याच्या खंजिराकडे मात्र नीट बघायला हवं. आतला खंजीर जुना, त्याचा नेहमीचा. त्यावर सोन्याचा पत्रा नंतर चढवलेला. जोड्यांचंही तसंच. चामडं नाहीसं झालं, पण त्यावर बसवलेल्या सोन्याच्या पट्ट्या राहिल्या, आणि डाव्या-उजव्याची अदलाबदल झालेली आहे. त्यातच टेकाडाच्या मातीत सोनं, कासं आणि लोखंड घडवताना पडणारा चुरा आणि तुकडे मिळाले. हे तीन धागे एकत्र केले की निष्कर्ष निघतो: बरंचसं सोनं हा माणूस मेल्यानंतर, दफनासाठी, टेकाडाजवळच्या कामशाळेत घडवलं गेलं. म्हणजे थडग्यातली सोन्याची श्रीमंती त्याच्या रोजच्या वेशाचं चित्र नाही. ते अंत्यविधीचं चित्र आहे. संग्रहालयात सोनेरी जोडे घातलेला राजा बघताना हा फरक सुटतो.

हंडा ग्रीक कारागिरांचा, सुमारे ५०० लिटरचा. काठावर तीन सिंह. दोन ग्रीक ओतकामाचे; तिसरा वेगळाच, आयाळ आणि चेहऱ्याची घडण निराळी, स्थानिक कारागिराने बदली म्हणून केलेला. हंड्याच्या तळाशी तपकिरी साका होता. उडेलगार्ड क्योर्बर-ग्रोने यांनी त्यातले परागकण तपासले, तेव्हा थाइमसह डझनांनी रानफुलांचे परागकण निघाले. इतक्या जातींचं असं मिश्रण मधातून येतं. म्हणजे हंड्यात मधापासून केलेली दारू होती, सुमारे ४०० लिटर. ग्रीक भांडं मिळालं की द्राक्षाची दारू गृहीत धरायची जुनी सवय आहे. साक्याची परीक्षा झाली नसती तर इथेही तेच लिहिलं गेलं असतं. फ्रान्समधल्या व्हिक्स-माँ लास्वाच्या वस्तीतल्या मातीच्या भांड्यांवरचे अवशेष २०१९ मध्ये प्रसिद्ध झाले, त्यांतही हेच दिसलं: आयात केलेल्या ग्रीक प्याल्यांतून द्राक्षाच्या दारूबरोबर स्थानिक बिअरही प्यायली जात होती.

चारचाकी गाडी लोखंडाच्या पत्र्याने मढवलेली, आणि तिच्यावर नऊ काशाची ताटं. नऊ पेले, नऊ ताटं. त्यावरून नऊ जणांची पंगत असं म्हटलं जातं. जुळणी पटण्यासारखी आहे, पण ती जुळणीच आहे. ताटं नऊ होती ही वस्तुस्थिती. नऊ जण जेवायला बसत हा अर्थ. उत्खननाचा चांगला अहवाल या दोन गोष्टी वेगवेगळ्या वाक्यांत लिहितो.

आता तारखा. लोक सहज विचारतात, कार्बन-१४ करून टाका. केल्टांच्या ऐन महत्त्वाच्या काळात ते फारसं चालत नाही. कार्बन-१४चं मोजमाप कॅलेंडरच्या वर्षांत बदलण्यासाठी जो आलेख वापरतात तो इसवीसनपूर्व सुमारे ८०० ते ४०० या पट्ट्यात जवळपास सपाट आहे. त्याला ‘हालश्टाटचं पठार’ असंच नाव पडलंय. प्रयोगशाळेने सुमारे २४५० वर्षं असा आकडा दिला, तर खरी तारीख इसवीसनपूर्व ७५० असेल किंवा ४०० असेल, आकडा तोच. साडेतीनशे वर्षांची ही अनिश्चितता नमुने वाढवूनही फारशी कमी होत नाही.

मग दोन मार्ग उरतात. पहिला लाकडाच्या वलयांचा. ओकची वर्षागणिक वलयं प्रमाण आलेखाशी जुळवायची. त्यासाठी साधारण पन्नासहून जास्त वलयं हवीत, आणि झाड कोणत्या वर्षी तोडलं हे सांगायचं तर सालीला लागून असलेलं शेवटचं वलय शाबूत हवं. अडचण अशी की सालीलगतचं कोवळं लाकूड आधी कुजतं आणि सुतारही तेच आधी तासून टाकतो. ते गेलं असेल तर ‘या वर्षानंतर केव्हातरी’ एवढंच म्हणता येतं. त्या काळी लाकूड ओलं असतानाच वापरत, त्यामुळे तोडल्याचं वर्ष आणि बांधल्याचं वर्ष सहसा एकच असतं. मात्र जुन्या इमारतीचं लाकूड पुन्हा वापरलेलं असेल तर तारीख फसवते. म्हणून एका ओंडक्यावर विसंबायचं नाही, अनेक घ्यायचे. फिलिंगेनजवळच्या माग्डालेनेनबेर्ग टेकाडाच्या खोलीचं लाकूड इसवीसनपूर्व ६१६ मध्ये तोडलेलं आहे. ते थडगं प्राचीन काळातच लुटलं गेलं, आणि लुटारूंची लाकडी फावडी आतच राहिली. डॅन्यूबकाठच्या होयनेबुर्ग या तटबंद वस्तीजवळ बेटेलब्यूल इथल्या एका श्रीमंत स्त्रीच्या थडग्याची तारीख इसवीसनपूर्व ५८३. हे थडगं जागेवर न उघडता २०१० मध्ये सुमारे ८० टनांचा एकच ठोकळा म्हणून उचलून प्रयोगशाळेत नेलं. खर्च प्रचंड, पण शेतात पाऊस, ऊन आणि मुदत यांच्या दबावाखाली जे करता येत नाही ते छपराखाली महिनोन्‌महिने करता येतं.

दुसरा मार्ग पिनांचा, आणि रोजच्या कामात हाच जास्त उपयोगी. कपडा अडकवायची फिब्युला म्हणजे रचनेने आपली सेफ्टी पिनच: कमान, स्प्रिंग, सुई आणि सुईचं टोक अडकवायची खाच. खाचेच्या पुढे निघालेल्या शेपटीला पाय म्हणतात. काळ ओळखायचा तर या पायाकडे बघायचं. हालश्टाटच्या शेवटच्या टप्प्यात, इसवीसनपूर्व सुमारे ६२० ते ४५०, नागमोडी कमानीच्या आणि ढोलासारख्या फुगीर कमानीच्या पिना दिसतात. ला तेनच्या सुरुवातीला पाय कमानीकडे उलटा वळतो, पण तिला जोडलेला नसतो. काहींवर माणसांचे, प्राण्यांचे मुखवटे असतात. बोहेमियातल्या (आजच्या चेक प्रजासत्ताकातल्या) दुख्सोव्ह इथे १८८२ मध्ये एका झऱ्यात दडवलेल्या हंड्यात दोनेक हजार दागिने मिळाले, त्यांत अशाच पिना जास्त. मधल्या टप्प्यात, इसवीसनपूर्व सुमारे २५० ते १५०, तोच पाय एका कड्याने कमानीला जखडलेला असतो. शेवटच्या टप्प्यात पाय आणि कमान एकाच तुकड्यात येतात आणि खाचेजवळ चौकट उरते. फोटोत एवढं दिसलं तरी पन्नास-शंभर वर्षांच्या आत काळ लावता येतो. एक सावधगिरी हवी: पिन आजीची असू शकते. थडग्याची तारीख त्यातल्या सर्वांत नव्या वस्तूवरून धरतात, सर्वांत सुंदर वस्तूवरून नाही.

थडगी बड्या लोकांची. राबणाऱ्या माणसांकडे जायचं तर हालश्टाटच्या डोंगरात शिरावं लागतं. इथे योहान गेओर्ग रामसावर या खाण-अधिकाऱ्याने १८४६ ते १८६३ या काळात ९८० थडगी उघडली आणि थडग्यांची जलरंगातली चित्रं करवून घेतली. त्या काळी ही शिस्त असाधारण होती. पण बहुतेक हाडं ठेवली गेली नाहीत, नोंदींच्या ज्या प्रती उतरवल्या गेल्या त्यांत फरक आहेत, आणि कोणती वस्तू नक्की कुठल्या थडग्यातली यावर आजही वेळ जातो.

खाण मात्र वेगळीच आहे. मीठ जंतूंना जगू देत नाही, म्हणून लाकूड, कातडं, लोकर, दोर, अन्न आणि विष्ठा सगळं टिकतं. जुनी खाण आज पोकळी म्हणून उरलेली नाही. डोंगराच्या दाबाने मीठ पसरतं आणि पोकळ्या मिटतात; खाणकामगारांनी टाकलेला कचरा खडकात दाबला जाऊन खडकाचाच भाग होतो. त्याला ‘हाइडेनगेबिर्गे’, म्हणजे पूर्वीच्या अख्रिस्ती लोकांचा खडक म्हणतात. उत्खननकर्ते हा खडक फोडून त्यातून कापड, चुडी आणि मोडके दांडे वेगळे करतात. दाब थांबत नसल्याने त्यांनी खोदलेले बोगदेही हळूहळू आकसत जातात आणि ठरावीक काळाने पुन्हा तासावे लागतात. १७३४ मध्ये याच खडकात एका प्राचीन कामगाराचं दबून चपटं झालेलं शरीर सापडलं. तेव्हाच्या गावकऱ्यांनी ते पुरून टाकलं, आणि अशी संधी तिथे पुन्हा आलेली नाही.

इथे केल्ट नावाची घाई किती चुकवते ते लगेच दिसतं. खाणीतला प्रसिद्ध लाकडी जिना इसवीसनपूर्व १३४४-४३चा आहे, म्हणजे कांस्ययुगातला. तेव्हा केल्ट म्हणावं असं काही नव्हतं. त्या काळात काशाच्या टिकावाने मीठ बारीक फोडून कातड्याच्या पाठपिशवीत भरत. पिशवीचा पट्टा एका खांद्यावर, आणि दुसऱ्या खांद्यावरून एक दांडकं हातात धरलेलं. दांडकं सोडलं की पिशवी आपोआप उलटते आणि मीठ खाली पडतं. पाठीवरून काढायची गरज नाही. लोहयुगात पद्धत बदलली. भिंतीवर टिकावाने हृदयाच्या आकाराच्या खाचा कोरून सबंध लादी सुटी करू लागले. तो आकार आज भिंतीवर दिसतो आणि कोणालाही पटकन प्रतीक वाटतो, पण त्याचा संबंध लादी न मोडता काढण्याशी आहे. चुरा वाहण्यापेक्षा लादी वाहणं आणि विकणं सोयीचं.

उजेडासाठी फर आणि स्प्रूसच्या लांब पातळ चुडी जाळत. हजारो जळकी टोकं सापडली आहेत, काहींवर दातांच्या खुणा आहेत. हात कामात असताना चूड तोंडात धरत असावेत. कापडाचे तुकडे कांस्ययुग आणि लोहयुग मिळून शेकड्यांनी मिळालेत. ते खाणीत कपडे म्हणून नाही, चिंध्या म्हणून आले: फाडलेल्या पट्ट्या, बांधायला, गुंडाळायला, पुसायला. म्हणूनच त्यांत सणावाराचं आणि रोजचं दोन्ही कापड दिसतं. ट्विल विण, किनारीला भोकं पाडलेल्या लहान फळ्यांतून सूत ओवून विणलेल्या अरुंद पट्ट्या, आणि निळा रंग. तो वोड या वनस्पतीच्या पानांचा. आपल्या निळीत जे रंगद्रव्य असतं तेच त्यात असतं, फक्त प्रमाण बरंच कमी.

विष्ठेतून जेवण कळतं. जव, वरीच्या जातीचं भरडधान्य आणि फाबाच्या शेंगांच्या बिया, थोडं मांस. एकत्र शिजवलेली घट्ट पेज. जंतांची अंडीही भरपूर, म्हणजे पोटदुखी नेहमीची. २०२१ मध्ये लोहयुगीन नमुन्यांच्या जनुकीय तपासणीत निळ्या चीजची बुरशी आणि बिअरचं यीस्ट दोन्ही मिळाली. बुरशी नंतर आली असेल ही शंका रास्त आहे. तिची तपासणी झाली, आणि जातींची जनुकीय घडण रानटी नव्हे तर माणसाने वाढवलेल्या जातींशी जुळते, म्हणून निष्कर्ष टिकतो.

कबरस्तानाच्या सांगाड्यांवर स्नायू जिथे चिकटतात त्या जागा बघितल्या की कामाची वाटणी दिसते. पुरुषांमध्ये टिकाव चालवायच्या, स्त्रियांमध्ये ओझं वाहायच्या हालचालींच्या खुणा जास्त. लहान मुलांच्या मानेच्या मणक्यांवर झीज आहे, म्हणजे तीही डोक्यावर ओझी वाहत होती. ऑस्ट्रियातल्याच ड्युर्नबेर्गच्या मिठाच्या खाणीत मिळालेला, तागाच्या नाडीसकट टिकलेला मुलाचा चामडी जोडा हेच सांगतो. आजच्या युरोपीय मापात तो ३०च्या आसपास बसतो. राजपुत्रांच्या थडग्यांमधलं वैभव मिठासारख्या मालावर उभं होतं आणि त्या मालाखाली ही मुलं होती. या विषयावरच्या रंगीत पुस्तकांत सोन्याला पानंच्या पानं मिळतात आणि याला एक परिच्छेद, हे बरोबर नाही.

लेखी साक्ष वस्तूंशी ताडून बघायचं एक छोटं उदाहरण. ग्रीक इतिहासकार पॉलिबियस सांगतो की गॉल लोकांच्या तलवारी पहिल्याच घावाला वाकत आणि पायाखाली धरून सरळ कराव्या लागत. धातुपरीक्षेत चित्र मिश्र आहे: काही पाती मऊ लोखंडाची, काही पोलादाच्या पट्ट्या जोडून केलेली, चांगल्यापैकी. दुसरीकडे फ्रान्समध्ये गुर्ने-स्युर-आरोंद इथल्या पूजास्थानात सुमारे दोन हजार शस्त्रं मिळाली, त्यांतली बरीच मुद्दाम वाकवलेली आणि मोडलेली. देवाला अर्पण करताना शस्त्र निकामी करायची ही रीत. अशा वाकवलेल्या तलवारी पाहूनच ती गोष्ट पसरली असावी, असं फार पूर्वी सुचवलं गेलंय, आणि ते पटतं.

बिघडतं कुठे? सर्वांत जास्त नुकसान साफसफाईत होतं. काशाच्या हिरव्या गंजातले तांब्याचे क्षार जंतूंना मारतात, म्हणून पिनेला चिकटलेलं कापड टिकतं. लोखंडाच्या गंजात कापडाचा, लाकडाचा, कातड्याचा ठसा दगडासारखा गोठतो. वस्तू चकचकीत केली की हा सगळा पुरावा बादलीत जातो. म्हणून आधी क्ष-किरण, मग सूक्ष्मदर्शकाखाली टोकदार हत्याराने, आणि कुठे थांबायचं हे आधी ठरवून. होखडोर्फच्या कापडांचा अभ्यास योहाना बांक-बुर्गेस यांना करता आला, कारण ते थर धुतले गेले नव्हते. दुसरं नुकसान धातुशोधक यंत्राने वस्तू उपटून काढण्याचं. वस्तू हाती येते, थर जातो. तिसरं सरळ चोरी. जर्मनीतल्या बायर्नमधल्या मांखिंगला १९९९ मध्ये ४८३ सोन्याच्या नाण्यांचा साठा मिळाला होता. नोव्हेंबर २०२२ मध्ये तो संग्रहालयातून अवघ्या काही मिनिटांत पळवला गेला. पुढे मिळाले ते वितळवलेल्या सोन्याचे गोळे. तेही साठ्याच्या थोड्याच भागाचे; नाणी परत आली नाहीत.

आता भारतीय वाचक हमखास विचारतात त्या दोन गोष्टी. पहिली, डेन्मार्कमध्ये १८९१ साली दलदलीत सापडलेला गुंडेस्ट्रुपचा चांदीचा हंडा. त्यावर मांडी घालून बसलेली, शिंगं असलेली, भोवती प्राणी असलेली आकृती आहे, आणि मोहेंजोदडोच्या ‘पशुपती’ मुद्रेचा फोटो तिच्याशेजारी लावून फिरवला जातो. मुद्रा इसवीसनपूर्व तिसऱ्या सहस्रकातली, हंडा इसवीसनपूर्व दुसऱ्या-पहिल्या शतकाच्या आसपासचा. मध्ये दोन हजार वर्षं आहेत आणि दोन्हींना जोडणारी एकही मधली वस्तू नाही. हंड्याचं चांदीकाम बाल्कन प्रदेशातल्या थ्रेशियन कारागिरीशी जुळतं, तर आकृतीच्या हातातलं कडं आणि मेंढ्याच्या डोक्याचा साप गॉलकडच्या कल्पनांशी. कारागीर एकीकडचे, कल्पना दुसरीकडच्या, सापडला तिसरीकडे. एवढंच कोडं पुरेसं मोठं आहे.

दुसरी गोष्ट आपल्याकडची. १९व्या शतकाच्या मध्यात कर्नाटकातल्या सुरपूरला असलेले ब्रिटिश अधिकारी मेडोज टेलर यांनी दख्खनमधल्या शिळावर्तुळांना आणि शिळापेट्यांना ‘केल्टिक, ड्रुइडिक किंवा सिथियन’ म्हटलं. तेव्हा युरोपातली प्रत्येक उभी शिळा ड्रुइडांची समजली जात होती आणि तीच पाटी इथे आली. आता मुळातच ती गळून पडली आहे. स्टोनहेंज इसवीसनपूर्व ३००० ते २५००च्या सुमारास उभं राहिलं, ड्रुइडांच्या पहिल्या उल्लेखाच्या कितीतरी आधी. विदर्भातली माहुरझरी, नायकुंड, जुनापाणी इथली शिळावर्तुळं लोहयुगातली आहेत, काहींचा काळ हालश्टाटच्या आसपास येतो, पण संबंध समकालीनतेपलीकडे नाही. त्यांना केल्टांचा आधार देऊन मोठेपणा येत नाही. तिथे घोड्यांसह केलेली दफनं आणि नायकुंडची लोखंडाची भट्टी स्वतःच्या बळावर महत्त्वाची आहेत.

नात्यांबद्दल अलीकडे मोठी भर पडली. २०२४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्राचीन डीएनएच्या अभ्यासात होखडोर्फचा पुरुष आणि तिथून दहाएक किलोमीटरवरच्या आस्पेर्ग-ग्राफेनब्यूल थडग्यातला पुरुष आईकडून जवळचे नातलग निघाले. मामा-भाचा असण्याची शक्यता सर्वांत जास्त. म्हणजे सत्ता घराण्यात राहत होती, आणि आईकडचं नातं त्यात मोजलं जात होतं. २०२५ मध्ये इंग्लंडमधल्या डोर्सेटच्या लोहयुगीन कबरस्तानाचा निकाल आला: बहुतेक माणसं एकाच आईच्या वंशातली, आणि बाहेरून येणारे पुरुष. दोन्ही ठिकाणं दूर, काळ वेगळे. ‘केल्ट मातृवंशीय होते’ असं सरसकट लिहिणं चुकीचं ठरेल. या दोन जागांपुरतं ते पुराव्याशी जुळतं.

बघायला जायचं असेल तर होखडोर्फच्या मूळ वस्तू श्टुटगार्टच्या जुन्या किल्ल्यातल्या राज्य संग्रहालयात आहेत, आणि खोलीची प्रतिकृती गावातल्या केल्ट संग्रहालयात. मुंबईचं भगिनी शहर असल्यामुळे श्टुटगार्टला आपल्याकडची ये-जा असतेच. एक दिवस यासाठी काढावा. हंड्याच्या काठावरचा तिसरा सिंह शोधा, तो एकदा वेगळा दिसला की पुन्हा तसाच दिसतो. व्हिक्सच्या थडग्यातला १.६४ मीटर उंच, २०८ किलोचा काशाचा कुंभ शातियों-स्युर-सेनला आहे, ला तेनच्या वस्तू न्यूशातेलजवळच्या लातेनियममध्ये, आणि हालश्टाटचं कापड, पाठपिशव्या आणि टिकावांचे दांडे व्हिएन्नाच्या निसर्ग-इतिहास संग्रहालयात. हालश्टाटच्या खाणीत तापमान बारा महिने ८ अंशांच्या आसपास असतं, तेव्हा उन्हाळ्यातही स्वेटर लागतो. निघण्याआधी खाण त्या दिवशी उघडी आहे का ते बघून घ्या.